दादांच्या कॅसेटीतला समुद्र

बारामती तालुक्यातलं आमचं सुपे हे जिरायती पट्ट्यातलं गाव. इथून मुंबईचा समुद्र दोनशे किलोमीटरहून लांब. तरीही आमच्या घरात समुद्राविषयी जेवढं बोललं गेलं तेवढं विहिरीविषयीही बोललं गेलं नसेल. कारण आमच्या दादांची कबर समुद्रात आहे.

१९९२ साली दादा आणि दादी हजला गेले, ते जहाजाने. त्या वर्षी हज जूनच्या दुसऱ्या आठवड्यात होता. एप्रिलअखेरीस दोघं सुप्याहून निघाले. जुलैत परतीच्या वाटेवर, मुंबई दोन दिवसांवर असताना, दादांचा इंतेकाल झाला आणि त्यांना अरबी समुद्राच्या हवाली करण्यात आलं. आम्ही तिघं भावंडं तेव्हा नऊ, सात आणि चार वर्षांची होतो. त्यानंतर दादा आमच्यासाठी दोनच ठिकाणी उरले : दादीच्या बोलण्यात आणि एका व्हीएचएस कॅसेटीत. या दोन्हींचं आपसात कधी जमलं नाही.

आजच्या तरुण वाचकांना जहाजाचा हज ही ऐकीव गोष्ट वाटेल. मुंबईला विमानात बसलं की काही तासांत जिद्दा. पण पिढ्यान्‌पिढ्या आपले हाजी गेले ते समुद्रानेच. १८७७ साली मुंबईत निघालेली एक आगबोट कंपनी पुढे ‘मोगल लाइन’ या नावाने घराघरात माहीत झाली. १९८६ मध्ये ती सरकारी शिपिंग कॉर्पोरेशनमध्ये विलीन झाली. दादा-दादी गेले ते ‘अकबर’ जहाज याच मोगल लाइनचं. १९९५ साली मुंबई-जिद्दा जहाजाचा प्रवास बंद झाला. २०१८ च्या सुरुवातीला समुद्रमार्ग पुन्हा खुला करायला सौदी सरकारने संमती दिल्याची बातमी आली, तेव्हा आमच्या घरचे फोन दिवसभर वाजत होते. जहाज काही सुटलं नाही.

दादा शिंपीकाम करायचे. शिवाय सुप्याच्या माळावर साडेतीन एकर जिरायत होती, म्हणजे पाऊस पडला तर बाजरी, नाही तर नुसता माळ. १९७२ च्या दुष्काळात दुकान बंद ठेवून ते पाझर तलावाच्या कामावर खडी फोडायला गेले होते आणि तिथे मिळणारी सुकडी घरी आणायचे. अशा माणसाने हजचे पैसे कसे जमवले हे वेगळं सांगायला नको. घरातल्या प्रत्येकाच्या अंगावरचा एखादा कपडा त्यात राहून गेला होता.

त्यामुळे दादा हजला निघाले तेव्हा शूटिंग करायचंच, असं चाचांनी ठरवलं. बारामतीचा एक स्टुडिओवाला लग्नाची शूटिंग करायचा. तो खांद्यावरचा मोठा कॅमेरा आणि हॅलोजनचा दिवा घेऊन पहाटेच आला. भर उन्हातही त्याने तो दिवा दादांच्या तोंडावर धरला होता, म्हणून कॅसेटीत दादा सारखे डोळे मिचकावताना दिसतात.

कॅसेट पन्नास मिनिटांची. ओट्यावर बसलेले पाहुणे, हारांनी मान झाकलेले दादा, बुरख्याची बटणं पुन्हापुन्हा तपासणारी दादी. गल्लीतले मराठा, माळी, न्हावी सगळे आलेले. पाटलांच्या घरच्या आजी दादीच्या हातात नारळ देतात आणि कॅमेऱ्याकडे पाहून गोंधळतात. कुणीतरी दादांना चिडवतं आहे. आवाज नाही, पण काय चिडवतं आहे ते आम्हाला अब्बांनी सांगितलं : अहो शिंपी, जन्मभर दुसऱ्यांची मापं घेतलीत, आता एहरामला ना शिलाई, ना बटण, ना माप! दादा हसतात. खालचा एक दात पडलेला आहे. तो आम्ही विसरलो होतो, कॅसेट विसरली नव्हती.

मग एक टँकर येतो. शूटिंगवाल्याला तो नको असणार, कारण कॅमेरा लगेच वळतो. पण दोन-तीन सेकंद दिसतंच : हंडे, कळश्या, पळणाऱ्या बायका, आणि हाजींना निरोप द्यायला आलेल्यांपैकी निम्मी माणसं तिकडे धावलेली. त्यात आमची फुफीही आहे, नव्या साडीत, हातात हंडा. जनाई-शिरसाई योजनेचं पाणी भागात खेळलं ते पुढच्या काळात. तेव्हा एप्रिल म्हणजे टँकर. बापाचा निरोप एकीकडे आणि पाण्याचा नंबर एकीकडे. फुफीला त्यावरून अजून चिडवतात. ती म्हणते, परत आल्यावर तुमच्या हाजींना प्यायला काय दिलं असतं मग?

पुढे शाहमन्सूर बाबांच्या दर्ग्यापाशी थांबलेली गाडी, चौफुल्याचा रस्ता, पुणे, घाट. शेवटी मुंबईचा साबू सिद्दिक मुसाफिरखाना आणि तिथे ट्रंकेला नायलॉनची दोरी आवळणारे दादा. या सगळ्यावर स्टुडिओवाल्याने सलग नात आणि कव्वाल्यांचं संगीत चढवलं आहे. त्या काळी तीच पद्धत होती : मूळ आवाज म्हणजे गोंगाट, तो पुसायचा आणि गाणी भरायची. लग्नाच्या कॅसेटीही तशाच. आज वाटतं, संगीत बाजारात कुठेही मिळालं असतं. त्या ओट्यावरचा गोंगाट आता कुठे मिळणार?

आणि सर्वांत शेवटी समुद्र येतो.

निळंशार पाणी, सोनेरी सूर्यास्त आणि त्यात एक पांढरंशुभ्र जहाज. चाळीस सेकंद. मग काबा शरीफचं गोल फिरणारं चित्र आणि ‘समाप्त’ ही अक्षरं. आम्हा मुलांचं सगळं लक्ष या चाळीस सेकंदांवर. व्हीसीआर भाड्याने आणला की आधी तेच लावायचं. धाकट्याची तर खात्री होती की जहाजाच्या कठड्याशी उभा असलेला ठिपका म्हणजे दादा. पुढे कित्येक वर्षं आम्ही कुणालाही सांगायचो की आमचे दादा गेले ते जहाज आमच्याकडे आहे.

दादीने ती कॅसेट एकदाच पाहिली, दादांच्या पहिल्या बरसीनंतर. जहाज आलं तशी ती पुढे सरकली, नीट पाहिलं आणि म्हणाली, “ये अपना जहाज नई.” आणि उठून आत गेली. परत तिने कॅसेट पाहिली नाही.

ते जहाज खरंच आपलं नव्हतं. मोठं झाल्यावर नीट पाहिलं तेव्हा डेकवर आरामखुर्च्या दिसल्या, पोहण्याचा हौद दिसला, टोपी घातलेली एक मड्डम दिसली. कुठल्याशा इंग्रजी सिनेमातला किंवा जाहिरातीतला तुकडा स्टुडिओवाल्याने शोभेसाठी जोडला होता. त्याने वाईट हेतूने केलं असं आम्ही म्हणत नाही. लग्नाच्या कॅसेटीत तो स्वित्झर्लंडचे डोंगर जोडायचा, इथे समुद्र जोडला. गोदीच्या दरवाज्याच्या आत त्याला कोण सोडणार होतं?

खरा समुद्र दादीकडे होता. तो निळा नव्हता. जाताना, ती सांगायची, पाणी तव्यासारखं सपाट होतं. सोनेरीबिनेरी काही नाही, नुसती चमक, डोळे दुखायचे. झोपायची जागा खाली, एकावर एक फळ्या, इंजिनाची घरघर आणि उकाडा. पहिले दोन दिवस तिने फक्त लिंबू चोखलं. चौथ्या दिवशी बीडच्या एका हाजनबाईशी बहिणी झाली आणि दोघींनी मिळून सुप्याहून नेलेला चिवडा संपवला. मग एका दिवशी भोंग्यातून पुकारा झाला की यलमलम येत आहे. हिंदुस्थानातून समुद्राने जाणाऱ्यांची एहराम बांधायची हद्द ती. यलमलम म्हणजे दूर किनाऱ्यावरचा डोंगर. तो जहाजातून दिसतही नाही, नुसती शिट्टी होते. पण त्या शिट्टीच्या आत, दादी म्हणायची, सगळं जहाज पांढरं झालेलं असतं. शेतकरी कोण, शेठ कोण, कळेना. दादा एहराम बांधून आले आणि तिला विचारलं, कसं बसलंय? शिंपीच शेवटी.

असं जहाज दाखवणारी एक जुनी फिल्म आम्हाला पुढे पाहायला मिळाली. १९२८ साली जॉर्ज क्रुगर्स नावाच्या डच ईस्ट इंडीजमधल्या, म्हणजे आजच्या इंडोनेशियातल्या, माणसाने हजवर चित्रपट काढला. हजचं चित्रण करणारा तो अगदी पहिल्यांपैकी मानला जातो. मूक, काळा-पांढरा. जावाहून जहाजाने निघालेले हाजी त्यात दिसतात. माणसं वेगळी, भाषा वेगळी, काळ दादांच्या जन्माआधीचा. तरी आमच्या आपाने मोबाइल खाली ठेवला आणि म्हणाली, दादी जे सांगायची ते हे. आमच्या स्वतःच्या कॅसेटीत नसलेलं आमचं जहाज असं परक्याच्या फिल्ममध्ये सापडलं.

परतीचा समुद्र पावसाळ्यातला. त्याविषयी दादी कमी बोलायची, आणि बोलायची ते दरवेळी त्याच शब्दांत. दादांना जिद्द्यातच ताप भरला होता. जहाजावर डॉक्टर होता, त्याने इंजेक्शनं दिली. एका पहाटे, फजरच्या आधी, संपलं. जमीन दोन दिवसांवर होती. आपल्या फिकहच्या किताबांत अशा वेळेसाठी मसला सांगितलेला आहे : किनारा लांब असेल आणि मय्यत खराब होण्याची भीती असेल तर गुसल, कफन, नमाज सगळं करून ती पाण्याच्या हवाली करावी. तसंच केलं. कफन शोधावं लागलं नाही. दादांनी मक्केत स्वतःसाठी आणि दादीसाठी कफनाचं कापड घेऊन जमजमच्या पाण्यात भिजवून, वाळवून, घडी करून ट्रंकेत ठेवलं होतं. ते घरी आणून कपाटात ठेवायचं असतं. दादांचं कपाटापर्यंत आलंच नाही. दादीचं आलं. ते २०११ साली वापरलं.

डेकवर जनाजाची नमाज झाली. पायाशी वजन बांधलेलं होतं. जहाज मंद झालं, फळी कलली, शिट्टी एकदा झाली. दादी लांबून, बायकांमधून पाहत होती. तिला पाणी उडालेलं आठवत नव्हतं, आवाजही नाही. तिला आठवायचा तो रंग : हिरवट काळा, जुन्या विहिरीच्या तळासारखा. समुद्राला तिने दिलेली एवढी एकच उपमा, तीही सुप्याची.

जहाजावरच्या एका अधिकाऱ्याने तिला एक चिठ्ठी लिहून दिली. त्यावर इंग्रजी आकडे होते : १६ अंश उत्तर, ६१ अंश पूर्व, आणि पुढे मिनिटं. दादीला अक्षरओळख फक्त अरबीची. पण ती चिठ्ठी तिने जन्मभर कुराणशरीफच्या जुजदानात जपली. जहाजावरून पाठवलेली तार सुप्याला पोचली तेव्हा अब्बा आणि चाचा हार घेऊन मुंबईला निघून गेले होते. त्यांना गोदीच्या दरवाज्यातच कळलं. दादी एकटी बाहेर आली, हातात जमजमचे दोन डबे. तिने अब्बांना आधी डबे धरायला लावले, मग सांगितलं.

कबर नसण्याचा त्रास काय असतो ते शबे-बरातला कळायचं. सगळे पुरुष कब्रस्तानात जायचे. अब्बाही जायचे, आपल्या आजोबांच्या कबरीवर फातेहा पढायचे, मग पश्चिमेच्या भिंतीशी जाऊन पुन्हा हात उचलायचे. चिठ्ठीवरचे आकडे आपाने शाळेच्या नकाशावर लावून पाहिले होते. मुंबईपासून साधारण तेराशे किलोमीटर, पश्चिमेला. दादीला याचं मोठं समाधान वाटलं. म्हणाली, म्हणजे नमाजला उभी राहते तेव्हा तोंड तिकडंच असतं. १९९८ साली एका लग्नासाठी मुंबईला गेलो तेव्हा अब्बांनी तिला हाजी अलीला नेलं. भरतीची वेळ होती, वाट पाण्याखाली. दर्ग्यात जाता आलं नाही. दादीने काठावर चपला काढल्या आणि कब्रस्तानात शिरताना करतात तसा पाण्याला सलाम केला. आजूबाजूचे लोक पाहू लागले. ती मात्र बराच वेळ उभी होती, आणि निघताना म्हणाली, इथं फार घाण आहे, तिकडं स्वच्छ होतं.

कॅसेट या काळात कपाटावर पडून होती. त्यावरून घरात वाद होता, आणि तो मोकळेपणाने सांगायला हवा, कारण तो अनेक घरांत असतो. ज्या चाचांनी हौसेने शूटिंग करवलं तेच पुढे म्हणू लागले की मरहूम माणसाची तसवीर टीव्हीवर लावून रडणं बरं नव्हे. त्यांना दुआ पोचते, कॅसेट पोचत नाही. हे म्हणणं टाकाऊ नाही. तसवीर आणि व्हिडिओ यांविषयी उलमांमध्ये मतभेद आहेत आणि त्यात आम्ही पडणार नाही. चाचांच्या बोलण्यातला एक मुद्दा तर आम्हाला पटलेला होता : बरसीला फातेहाच्या आधी कॅसेट लावायची जी सवय लागू पाहत होती ती वाईट होती. ती बंद झाली. पण कॅसेट जाळून टाका, हे आम्ही ऐकलं नाही. भिंतीवर दादांचा फोटो आमच्याकडे कधीच नव्हता. नातवंडांना आजोबांचा पडका दात दाखवणारी दुसरी कुठलीच वस्तू घरात नाही.

दादी गेल्यानंतर हा विचार जोर धरू लागला. व्हीसीआर तर जगातूनच चालले होते. ते बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीने, फुनाईने, २०१६ च्या जुलैत काम थांबवलं. कॅसेटीची फीतही कायमची नसते. प्लास्टिकच्या पट्टीवर चुंबकी भुकटीचा थर, एवढंच तिचं आयुष्य. दमट हवेत तिच्यावर पांढरी बुरशी चढते, आणि तशीच लावली तर यंत्राचं हेड खराब होतं, फीतही तुटते. मुंबई-कोकणातल्या नातेवाइकांच्या कॅसेटी अशाच गेल्या. पुण्यात कॅसेटी बदलून देणाऱ्या दुकानात आमची कॅसेट नेली तेव्हा त्या माणसाने झाकण उघडून पाहिलं आणि विचारलं, कुठं ठेवली होती? सुप्यात, म्हटलं. म्हणाला, बुरशीचा ठिपका नाही. ज्या कोरड्या हवेला आम्ही जन्मभर शिव्या दिल्या तिने एवढं एक काम केलं होतं.

त्या माणसाने आणखी एक गोष्ट केली. आम्ही ‘समाप्त’ दिसलं की कॅसेट काढायचो. त्याने ती शेवटपर्यंत चालू दिली. ‘समाप्त’नंतर सहा मिनिटं नुसती मुंग्यांची रांग, आणि मग अचानक चित्र. स्टुडिओवाल्याने कच्चं शूटिंग असलेल्या कॅसेटीवरच पक्कं उतरवून दिलं होतं. त्यामुळे मागे चार मिनिटांचा कच्चा तुकडा शिल्लक राहिला होता. त्यावर संगीत नाही. मूळ आवाज आहे.

गोदीच्या दरवाज्याबाहेरचा तो तुकडा. कॅमेरा हलतोय, माणसांची डोकी मध्ये येतात, हॉर्न, हमालांच्या आरोळ्या, कुणाचं तरी मूल रडतंय. समुद्र नाही. भिंतीच्या वर कुठल्याशा जहाजाचं धुरांडं तेवढं दिसतं. ते ‘अकबर’ असेल किंवा नसेल. दादी ट्रंकेवर बसली आहे. लोक दादांना सांगताहेत, आमच्यासाठी दुआ करा, आमचा सलाम सांगा, आणि दादा प्रत्येकाला हो, हो म्हणताहेत. आवाज आम्हाला वाटत होता त्याहून बारीक निघाला. मग ते अब्बांना जवळ ओढतात. आम्हाला वाटलं आता काही नसीहत करतील. दादा म्हणतात, “भैंसकू पेंड डालते जाव. भूलो नको.” आणि वळून आत जातात.

आम्ही ते घरी लावलं तेव्हा अब्बा सत्तरीचे होते, दादा गेले त्या वयाच्या पुढे. चाचाही आले होते. दारात उभे राहिले, बसले नाहीत, पण गेलेही नाहीत. तो शब्द आला तसे अब्बा टीव्हीकडे पाहत मोठ्याने म्हणाले, “डाल्या ना, बाबा. रोज डाल्या.” मग म्हणाले, मागं घे. आम्ही मागं घेतलं. पुन्हा मागं घे. सहा-सात वेळा झालं. नवव्या-दहाव्याला चाचा आत येऊन बसले. म्हैस कुठली, काळी की चांद असलेली, यावर दोघा भावांचं वाजलं आणि ते मगरिबच्या अजानपर्यंत चाललं.